वारा पडला त्या दिवशी

दार ओढून घेऊन ह्याल्टी पायरीवर आला आणि सवयीने त्याचा हात टोपीकडे गेला. आधी टोपी दाबायची आणि मग रस्त्यावर पाय टाकायचा, हे रेक्याविकमध्ये जन्मलेल्या माणसाच्या हाताला कुणी शिकवावं लागत नाही. पण आज हात डोक्यावर गेला आणि तिथेच राहिला. टोपी जागची हललीच नव्हती. समोरच्या अंगणात दोरीवर टाकलेले लोकरीचे मोजे सरळ खाली लोंबत होते. पत्र्याच्या घरांच्या धुराड्यांतून धूर निघत होता तो काठीसारखा उभाच्या उभा वर चालला होता, आणि खाली बंदरातल्या बोटींचे झेंडे चिंध्यांसारखे आपापल्या काठ्यांना चिकटून होते. ऊन तर असं पडलं होतं की डोळे उघडवेनात. रस्त्यातून जाणारी माणसं एकमेकांना हसून म्हणत होती, काय दिवस आहे, काय दिवस आहे! ह्याल्टी डोक्यावर हात ठेवून तसाच उभा राहिला. वारा पडला होता. वर्षातून क्वचित कधी पडतो आणि पडायचा तो आज पडला होता, आज, डॅनिश पाहुण्यांबरोबरच्या शेवटच्या फुटबॉल सामन्याच्या दिवशी. आणि तरी त्याच्या पायांत अशी काही शिरशिरी धावली की त्याला वाटलं, आत्ताच, इथूनच धावत सुटावं.

रात्री त्याचा डोळ्याला डोळा लागला नव्हता. आगबोटीतून पाहुणे उतरले त्या दिवसापासून सगळ्या गावाच्याच अंगात आलं होतं. आत्तापर्यंतच्या सामन्यांत त्यांनी आपल्याला धुऊन काढलं होतं. गोल इतके बसले की लोकांनी मोजणं सोडून दिलं. आणि आपला एकही नाही, औषधालाही नाही. गेल्या हिवाळ्यात डॅनिश झेंडा उतरून आपला वर चढला, आता आम्ही आमचे, असं सगळे म्हणायला लागले. आणि उन्हाळ्यात हे लोक येऊन आपल्याच खडीच्या मैदानावर आपल्याला लोळवून गेले. जिंकायची गोष्ट कुणी काढतच नव्हतं. एक गोल, एवढंच. पाववाला म्हणाला, ‘एक मारा रे बाबांनो, आठवडाभर फुकट पाव देतो.’ शिडं शिवण्याच्या कारखान्यात, जिथे ह्याल्टी कामाला होता, म्हाताऱ्या मालकाने काल त्याच्या हातातली सुई काढून घेतली आणि म्हणाला, ‘बोट टोचून घेशील, घरी जा. आणि तुझा तो कॉर्नर नीट मार.’ तुझा तो कॉर्नर. सगळ्या गावाला त्याचा कॉर्नर ठाऊक होता. पण तो त्याचा नव्हताच मुळी. तो त्याच्या बापाचा होता.

चालता चालता तो मासळीच्या वाळवणाशी आला. मैदानाच्या टोकाला, उतारावर, समुद्रापर्यंत दगडांचं वाळवण पसरलेलं होतं आणि त्यावर खारवलेली कॉड मासळी पांढरीशुभ्र मांडलेली होती. बायका डोक्याला फडकी बांधून उभ्या होत्या, पण कुणाचे हात चालत नव्हते. त्याची आई साल्वोर एक मासा उचलून बोटाने दाबून बघत होती. बिनवाऱ्याच्या उन्हात मासा वाळत नाही, भाजतो. मग तो कुणी घेत नाही. मुकादमीण थुरीदुर कमरेवर हात ठेवून आभाळाला शिव्या घालत होती.

‘भाजायला लागला गं,’ आई म्हणाली. ‘गोळा करून झाकायला हवा.’

‘झाका मग! बघत काय बसलात माझ्या तोंडाकडे?’ थुरीदुर ओरडली, आणि ह्याल्टीकडे वळून म्हणाली, ‘आणि तू रे? तू वारा घेऊन आलास का खिशातून?’

‘असता तर मलाच लागला असता,’ ह्याल्टी म्हणाला.

आईने त्याच्याकडे पाहिलं नाही. ‘डब्यात भाकरी आहे, लोणी लावून ठेवलंय,’ एवढंच म्हणाली आणि खाली वाकली. सामन्याबद्दल एक अक्षर नाही. घरात चेंडूचं नाव निघालेलं तिला खपत नसे. त्याचे मळके मोजे ती धुवायची, खडीने सोललेल्या गुडघ्यांवर मलम लावायची, पण मान फिरवून, परक्या माणसाच्या जखमेला लावावं तसं. तिचं म्हणणं त्याला ठाऊक होतं. तिने ते एकदाच बोलून दाखवलं होतं, आणि एकदाच पुरे होतं.

गेल्या शरद ऋतूत, मोठ्या तापाची साथ गावात यायच्या थोडं आधी, ह्याल्टीचा हंगामातला शेवटचा सामना होता. त्या दिवशी आडवा पाऊस होता आणि बाप, केटिल, नेहमीसारखा कॉर्नरच्या झेंड्यामागे जाऊन उभा राहिला होता, तोंडात पाइप धरून. मैदानाला दोरी बांधलेली होती, प्रेक्षक दोरीबाहेर. पण केटिलला कुणी हटकत नसे. तो बोटीवर आयुष्य काढलेला माणूस. चेंडूतलं त्याला काही कळत नव्हतं, तो हाताने धरायचा की पायाने मारायचा इथपासून सुरुवात होती. पण वारा कळत होता. ‘हे बघ,’ तो म्हणायचा, ‘हा धूर बघ. मैदानाकडून गोलकडे चाललाय. आणि तू येड्यासारखा सरळ गोलकडे मारतोस! चेंडू जाईल वाऱ्याबरोबर खाली मासळीत. आधी लांब दे. गोलकडे पाठ फिरवल्यासारखा, मैदानाच्या मधोमध दे. वाऱ्याला दे. तो आणून देईल.’ ह्याल्टीने पहिल्यांदा तसा मारला तेव्हा सगळे हसले होते. चेंडू गोलपासून दूर, दूर चालला, आणि मग हवेत थबकला, विचार बदलल्यासारखा वळला, आणि थेट गोलच्या तोंडाशी येऊन पडला. केटिलने पाइप तोंडातून काढला आणि इतक्या जोरात हसला की त्याला ठसका लागला. ह्याल्टीला तो ठसका अजून ऐकू यायचा. उजव्या कानाला वारा लागला की त्याच्या आत तो ठसका आपोआप सुरू व्हायचा आणि पाय आपोआप लांब मारायचा. त्या आडव्या पावसात केटिल सामना संपेपर्यंत उभा राहिला आणि घरी आला तो कुडकुडतच. मग गावात साथ आली. घरोघर माणसं आडवी झाली, रस्त्यात कुणी चालेना, शवपेट्या वाहायला माणसं मिळेनात. केटिल आठवड्यात गेला. ‘चेंडूने नेला त्याला,’ आई म्हणाली. साथीने अर्धं गाव आडवं केलं होतं हे तिला दिसत नव्हतं असं नाही. पण साथीवर रागावता येत नाही, चेंडूवर येतं.

मैदानावर ही गर्दी! दोरीला माणसं चिकटली होती, गाड्यांवर, पिंपांवर, एकमेकांच्या खांद्यांवर. वाजंत्री वाजत होती आणि वाऱ्याने सूर पळवून न्यायचे ते आज जागच्या जागी ऐकू येत होते, त्यातले चुकलेलेसुद्धा. डॅनिश लोक पांढऱ्या सदऱ्यांत, भांग पाडलेले. त्यांचे केस आज पडले ते पडलेच, एक बट हलत नव्हती. बिन्नी, ह्याल्टीच्या संघाचा कप्तान, पेशाने चांभार आणि डोकं एवढं की टोपी मापाने शिवून घ्यावी लागे, तो नाणेफेकीला पुढे गेला आणि जिंकला. जिंकल्यावर त्याने नेहमीसारखं बोट ओलं करून वर धरलं. वारा ज्या बाजूने, ती बाजू घ्यायची. दुसरं काही ठरवायचंच नसतं. बोट वर धरून तो उभाच राहिला. गर्दी हसायला लागली. डॅनिश कप्तान नम्रपणे वाट बघत होता, त्याला वाटलं हा काही प्रार्थनेचा प्रकार असेल.

‘घे की कुठलीतरी!’ दोरीबाहेरून कुणी ओरडलं.

‘कुठली घेऊ? वारा कुठाय?’ बिन्नी वळून ओरडला, आणि त्याचा आवाज थोडा घाबरलेला होता.

आणि मग खेळ सुरू झाला आणि जे झालं ते ह्याल्टी जन्मात विसरणार नव्हता. सगळेच चुकायला लागले. जो तो मारायच्या आधी वाऱ्याचं देणं देऊन मारत होता, आणि वारा घ्यायला आलाच नव्हता. बचावातल्या एकाने चेंडू उंच मारला, तो मागे येईल म्हणून सगळे मागे सरकले. चेंडू सरळ पुढे गेला आणि दोरीबाहेर एका बाईच्या टोपलीत पडला. ह्याल्टीने डावीकडून बिन्नीला पास दिला तो बिन्नीच्या डोक्यावरून, मैदानावरून, गावावरून निघाल्यासारखा गेला. अख्खं आयुष्य ज्याला खांदा लावून उभं राहायचं त्याने अचानक बाजूला व्हावं आणि आपण तोंडावर आपटावं, तशी त्यांची गत झाली. डॅनिश लोकांना काय, त्यांच्या देशात असेच दिवस असतात म्हणे. ते हिरवळीवर चालल्यासारखे खडीवर चालत होते आणि गोल मारून अदबीने परत जात होते. पण गंमत अशी की ह्याल्टीला वाईट वाटायला वेळच नव्हता. त्याचं अंग पेटलं होतं. एवढ्या उन्हात, एवढ्या लोकांत, बिनवाऱ्याच्या त्या चमत्कारिक स्वच्छ हवेत त्याला प्रत्येक गोष्ट वेगळी दिसत होती, बुटाखालची खडी, डॅनिश खेळाडूच्या मानेवरचा घाम, लांब खाडीपलीकडचा डोंगर. त्याला वाटत होतं, आपण आत्ता काहीही करू. फक्त काय करायचं ते पायाला कळत नव्हतं.

मध्यंतरानंतर बाजू बदलल्या आणि तो मासळीकडच्या टोकाला आला, तेव्हा त्याला त्या दिसल्या. वाळवणावरच्या बायका. मासळी गोळा करून झाकून झाली होती, वारा येईपर्यंत हाताला काम नाही, म्हणून थुरीदुर त्यांना घेऊन आली होती; मिठाने पांढरे झालेले एप्रन तसेच, रबरी बूट तसेच. कॉर्नरच्या झेंड्यामागे, बरोबर केटिलच्या जागी, त्या उभ्या राहिल्या होत्या. आणि त्यांच्यात, अर्धी मागे, हात एप्रनमध्ये गुंडाळून, आई.

तिने त्याच्याकडे पाहिलं. या वेळी मान फिरवली नाही. आनंदाची अशी लाट ह्याल्टीच्या अंगावर आली की तो क्षणभर खेळायचाच विसरला आणि चेंडू त्याच्या बाजूने निघून गेला.

‘अरे, आईला काय बघतोस, चेंडू बघ!’ थुरीदुर गरजली आणि बायका खिदळल्या.

आता त्याला गोल हवा होता. आत्तापर्यंत गावाला हवा होता, पाववाल्याला, झेंड्याला हवा होता. आता त्याला स्वतःला हवा होता. एकदा. तिच्यासमोर. केटिल पावसात का उभा राहायचा ते तिला एकदा दिसावं, एवढ्यासाठी. ती पुन्हा कधी यायची नाही हे त्याला लख्ख ठाऊक होतं. बिनवाऱ्याचं असं ऊन पुन्हा कधी पडतंय! त्याने धावून धावून डॅनिश बचाव हैराण केला, आणि शेवटी त्यांच्यातल्या एकाने घाईघाईने चेंडू गोलरेषेबाहेर घालवला. कॉर्नर. गर्दीतून ‘ह्याल्टी! ह्याल्टी!’ सुरू झालं. तो झेंड्याशी गेला, चेंडू ठेवला. आई त्याच्यापासून इतकी जवळ होती की तिच्या एप्रनचा खारट वास त्याला येत होता. सरळ मार, त्याने स्वतःला बजावलं. वारा नाही, सरळ मार. तो धावला, आणि त्याच्या पायाने, त्याला न विचारता, चेंडू लांब मैदानाच्या मधोमध दिला. चेंडू गेला, गेला, आणि वळला नाही. रिकाम्या खडीवर पडला. जवळपास कुणी नव्हतं. सगळं मैदान हसलं. त्यानंतरच्या कॉर्नरला पुन्हा तेच. डॅनिश गोलकीपर गंभीर तोंडाने आपल्या माणसाला काहीतरी म्हणाला आणि तोही हसला.

‘कुणाला देतोस रे? डोंगराला?’ बिन्नी घामाघूम होऊन ओरडला. ‘मी इकडे उभाय! हे डोकं दिसत नाही तुला? एवढं डोकं!’

मग ह्याल्टीने दात ओठ खाऊन एक सरळ मारला. आयुष्यातला पहिला सरळ कॉर्नर. तो असा गरीबपणे गेला की गोलकीपरने तो हात लांब करून, फळीवरची वाटी काढावी तसा काढून घेतला. ह्याल्टी मागे वळला तेव्हा त्याला आईकडे बघवेना. त्याला कळून चुकलं की आपल्याला खेळता येत नाही. आपल्याला फक्त वाऱ्याशी बोलता येतं, आणि तेही आपलं नाही, बापाने शिकवलेलं. बाप गेला, आज वारा गेला, आणि आई बघायला आली ती हे बघायला.

थोडाच वेळ उरला होता. बिन्नी कुणालातरी धडकला, चेंडू एका डॅनिश बुटाला लागून बाहेर गेला, पुन्हा कॉर्नर मिळाला. ‘ह्याल्टी’ची हाक आता कुणी दिली नाही. तो झेंड्याकडे चालत होता तेव्हा त्याच्या उजव्या कानाला काहीतरी लागलं. त्याने हाताने झटकलं, माशी असेल म्हणून. पुन्हा लागलं. झेंड्याचं फडकं, जे सकाळपासून मेल्यासारखं लोंबत होतं, त्याचं एक टोक उचललं गेलं आणि पडलं आणि परत उचललं गेलं.

त्याच्याआधी बायकांना कळलं होतं. ‘वारा!’ थुरीदुर किंचाळली. ‘वारा सुटला गं! चला! पसरा मासळी!’ आणि ऊन आणि वारा असा जमून आलेला योग कुणी सोडेल का, त्या सगळ्या एप्रन सावरत उताराकडे धावत सुटल्या, सामना आणि पाहुणे आणि झेंडा जागच्या जागी टाकून. ह्याल्टीने वळून पाहिलं. आईसुद्धा. आईसुद्धा धावत होती, जड बुटांत, एक हात डोक्यावरच्या फडक्यावर दाबून. त्याला रडूच कोसळणार होतं. एवढंच थांब, त्याला ओरडायचं होतं, एवढा एकच बघून जा. झेंड्याच्या बाजूने जाताना ती थांबली नाही, वळलीही नाही. पण जाता जाता ओरडली. तिचा आवाज फाटला होता, रागावल्यासारखा, घरात पाय पुसून ये म्हणताना असतो तसाच.

‘लांब दे रे! वाऱ्याला दे! तुझा बाप काय सांगायचा?’

आणि गेली उतार उतरून.

ह्याल्टी चेंडूपाशी उभा राहिला. तिला ठाऊक होतं. चेंडूचं नाव घरात निघू न देणाऱ्या तिला शब्दन्‌शब्द ठाऊक होता. म्हणजे केटिल तिला सांगायचा. रात्री, पाठ टेकल्यावर, ओले बूट चुलीपाशी टाकून, आज पोराने असा दिला आणि वाऱ्याने तसा आणला. आणि ती भिंतीकडे तोंड करून सगळं ऐकायची. उजव्या कानाशी वारा आता नुसता लागत नव्हता, दाबत होता, ओळखीचा, थंड, मीठ मिसळलेला. पंच शिट्टी वाजवत होता. थांब, ह्याल्टीने मनात म्हटलं, येऊ दे, अजून येऊ दे. टोप्या उडायला लागल्या, गर्दीचे हात डोक्याकडे गेले. आणि कानात तो ठसका सुरू झाला.

त्याने मारला. गोलकडे पाठ फिरवल्यासारखा, लांब, डोंगराला द्यावा तसा. मैदान पुन्हा हसलं. डॅनिश बचाववाले सुटल्यासारखे पुढे निघाले, गोलकीपर दोन पावलं बाहेर येऊन कमरेवर हात ठेवून उभा राहिला. फक्त बिन्नी हलला नाही. बिन्नी एवढं डोकं घेऊन गोलच्या तोंडाशी एकटाच उभा राहिला आणि आभाळाकडे बघत हळूहळू हसायला लागला. चेंडू हवेत थबकला. विचार बदलल्यासारखा वळला. सगळ्या डॅनिश डोक्यांवरून तो मागे आला, कुणी हाक मारल्यासारखा, आणि बिन्नीने फक्त मान हलवली.

जो आवाज उठला तो ह्याल्टीला ऐकू आला नाही, अंगाला लागला. माणसं दोरी तोडून आत आली, पिंपं गडगडली, बिन्नीला कुणीतरी उचललं आणि जड म्हणून पाडलं. ह्याल्टी झेंड्याजवळच उभा होता, उताराकडे तोंड करून. खाली बायका पांढरी मासळी दगडांवर भराभर पसरत होत्या. वारा मैदानाकडून त्यांच्याकडेच जात होता. त्यांतली एक सरळ उभी राहिली, तिने कपाळावर हात धरून वर पाहिलं, आणि पुन्हा वाकली. तीच असेल असं खात्रीने सांगता येत नव्हतं, एप्रन सगळ्यांचे सारखेच.

सामना अर्थातच हरले. पाहुणे अदबीने हात मिळवून गेले, आणि गाव असं नाचलं की हरलेलं कोण ते परक्याला ओळखता येऊ नये. मासळी आवरून आई घरी आली तेव्हा ऊन अजून खिडकीत होतं. ह्याल्टीने कॉफी करून ठेवली होती. ती बसली, खडीसाखरेचा खडा दातांत धरला, बशीतून एक घोट घेतला. तिचे हात मिठाने फुटले होते. पाववाल्याचे पाव टेबलावर होते, त्यांच्याकडे तिने पाहिलं. बाहेर वारा पत्रे वाजवत होता.

‘ओरडा ऐकू आला,’ ती म्हणाली. ‘थुरीदुरच्या हातातून मासा पडला.’

‘बिन्नीने मारला. माझ्या कॉर्नरवर.’

तिने आणखी एक घोट घेतला. मग बशी खाली ठेवली, आणि घरात पहिल्यांदाच मान न फिरवता, त्याच्या सोललेल्या गुडघ्याकडे बघत विचारलं, ‘आधी लांब गेला का?’

‘हो. सगळे हसले.’

‘हं,’ आई म्हणाली. तिच्या ओठांच्या कोपऱ्यात काहीतरी हललं, आणि डोळे भरून आले ते तिने पुसले नाहीत. ‘मग बरोबर. गुडघा आण इकडे.’